पाटीवर आकडा आहे, नावं शोधायची आहेत

सातारा, रत्नागिरी, पुणे, नगर या भागातल्या ज्या गावांतून पहिल्या महायुद्धात पलटणीत भरती झाली, त्यांतल्या कित्येक गावांत एक पांढरी संगमरवरी पाटी असते. चावडीच्या भिंतीत, शाळेच्या व्हरांड्यात, देवळाच्या ओट्यावर, नाहीतर जुनी चावडी पाडल्यावर कुठेतरी मागच्या अंगाला टेकवून ठेवलेली. युद्धानंतर सरकारने असे दगड बसवले. बहुतेकांवरचा मजकूर एकाच साच्याचा: या गावातून इतके जण महायुद्धावर गेले, १९१४ ते १९१९, त्यांपैकी इतक्यांनी प्राण दिले. आकडे दोन, नाव एकही नाही.

त्या आकड्यातली बरीच माणसं मेसोपोटेमियात, म्हणजे आजच्या इराकमध्ये गेली. तिथे बसऱ्याला त्यांचं स्मारक आहे. त्या भिंतीवर ब्रिटिश सैनिकांची आणि भारतीय अधिकाऱ्यांची नावं कोरली, पण साध्या भारतीय शिपायांसाठी पलटणीखाली पुन्हा आकडाच टाकला. म्हणजे गावाकडच्या दगडावर आकडा आणि जिथे मेला तिथल्या दगडावरही आकडा. नाव आहे ते मधल्या कागदांत. गावची पाटी धडपणे वाचता येते आणि घरातल्या ट्रंकेत एखादा बिल्ला अजून शिल्लक आहे, तोवर हे दोन आकडे जोडून नावं काढता येतात. ते काम कसं करायचं, कुठे चुकतं आणि का चुकतं, ते इथे लिहितो आहे.

आधी पाटी वाचणं. शंभर वर्षांच्या उन्हापावसाने संगमरवराची वरची कातडी झिजते आणि अक्षरांच्या कडा गोल होतात. समोरून भर दुपारी पाहिलं तर पाटी कोरी दिसते. अशा वेळी लोक हात घालतात तो खडूला, गव्हाच्या पिठाला, नाहीतर हळदीला. यांतलं काहीही लावू नका. पीठ दगडाच्या छिद्रांत बसतं आणि पावसाळ्यात त्यावर बुरशी धरते. हळदीचा आणि गुलालाचा डाग संगमरवरात मुरतो, तो निघत नाही. पाटी वाचायला लागतो फक्त उजेड, तोही तिरका. पाटी पूर्वेच्या किंवा पश्चिमेच्या भिंतीवर असेल तर दिवसात अशी पंधरा-वीस मिनिटं येतात, जेव्हा ऊन भिंतीला जवळजवळ घासून जातं. तेवढ्यात उथळ अक्षरांतही सावली पडते. पाटी सावलीत असेल तर साधा हातआरसा घ्या. एकाने उन्हात उभं राहून कवडसा बाजूने पाटीवर टाकायचा, दुसऱ्याने वाचायचं. रात्री हेच काम टॉर्चने होतं. टॉर्च पाटीच्या कडेला, दगडाला टेकण्याइतकी जवळ धरा आणि उजेड पाटीला समांतर फिरवा.

फोटोही असेच काढा. फ्लॅश बंद ठेवा. मोबाइल विटांच्या चवडीवर किंवा तिपाईवर पक्का करा, पाटीच्या अगदी समोर, तिरका नको. मग मोबाइल न हलवता उजेड डावीकडून, उजवीकडून, वरून आणि खालून असे किमान चार फोटो घ्या. जे अक्षर डाव्या उजेडात गायब होतं ते वरच्या उजेडात उभं राहतं. एका फोटोत शाळेची पंधरा सेंटिमीटरची पट्टी दगडालगत धरा, म्हणजे माप कायमचं नोंदलं जातं. एक फोटो लांबून, पाटी ज्या भिंतीत आहे ती भिंत आणि आजूबाजूची ओळखीची खूण दिसेल असा. पुढे इमारत पाडली गेली तर पाटी मुळात कुठे होती हे सांगणारा तेवढाच पुरावा उरतो. फाइलला नाव देताना गाव, तालुका, जिल्हा आणि तारीख घाला. एकाच नावाची गावं महाराष्ट्रात डझनांनी आहेत.

तरीही अक्षर लागत नसेल तर स्वच्छ पाण्याचा बारीक फवारा मारा आणि दगड सुकताना बघत बसा. वरचा सपाट भाग आधी सुकतो, अक्षरांच्या खाचा काही क्षण ओल्या राहतात आणि गडद दिसतात. फोटो तेव्हाच घ्यायचा.

काही पाट्यांची अक्षरं नुसती कोरीव नसतात, त्यांत शिसं भरलेलं असतं. शिसं निसटू नये म्हणून कारागीर अक्षराच्या तळाशी बारीक भोकं पाडत, दगडात तिरकी जाणारी. शिसं निघून गेलं, अक्षराची कडही झिजली, तरी ही भोकं राहतात. उदबत्तीची काडी जेमतेम जाईल एवढा व्यास. भिंगातून पाहिलं की ठिपक्यांच्या रांगोळीसारखी ती मांडणी दिसते आणि ठिपके मनात जोडले की अक्षर सापडतं. ही भोकं कुणी सिमेंटने किंवा पुट्टीने बुजवली असतील तर ती पाटी वाचायची शेवटची संधी गेली म्हणून समजा. रंगकाम करणाऱ्याला हे आधीच सांगून ठेवायला हवं.

रंगाचं नुकसान वाटतं त्यापेक्षा मोठं आहे. पंधरा ऑगस्ट आला की चावडीला रंग लागतो आणि त्याच डब्यातला ऑइल पेंट पाटीलाही लागतो, वर अक्षरं काळ्या रंगाने गिरवली जातात. गिरवणाऱ्याला इंग्रजी येत असेलच असं नाही आणि खाच अर्धी झिजलेली असते. मग तीनचा आठ होतो, एकाचा सात होतो. पुढच्या वर्षीचा रंगारी त्या आठावरूनच आठ काढतो. दहा वर्षांत गावाच्या तोंडी मृतांचा आकडा बदललेला असतो. म्हणून रंगवलेल्या अक्षरावर कधीच विसंबू नका. तिरक्या उजेडात खाच कुठे जाते ते पाहा आणि खाच सांगेल ते लिहून घ्या. शंका राहिली तर दोन्ही शक्यता नोंदवा, एक निवडून मोकळे होऊ नका. दुसरं असं की तेलरंग दगडातली ओल आत कोंडतो. ती ओल बाहेर पडताना रंगाचा पापुद्रा सुटतो आणि सोबत दगडाची कातडीही घेऊन येतो. बसलेला जुना रंग खरवडू नका, बत्तीने जाळू नका. संग्रहालयात दगडाचं काम करणारा जाणकार मिळेपर्यंत तो तसाच राहू द्या. नवा रंग लागू न देणं एवढं मात्र गावाच्या हातात आजच आहे.

धुवायचं असेल तर आधी बोटाच्या टोकाने पाटीचा कोपरा हलका चोळून पाहा. बोटाला साखरेसारखे कण लागले तर दगड आतून सुटतो आहे. तिथेच थांबा, पाणीसुद्धा जोरात मारू नका. दगड घट्ट असेल तर दोन फूट बाय दीड फुटाच्या पाटीला पाच-सहा लिटर पाणी, दोन मऊ नायलॉनचे ब्रश, एक जुना दात घासायचा ब्रश, बांबूची चपटी कामटी आणि दीड-दोन तास पुरतात. पाणी साठवलेलं पावसाचं किंवा फिल्टरचं घ्या, बोअरचं खारं पाणी सुकल्यावर पांढरे डाग सोडतं. सुरुवात खालून करायची आणि वर जायचं. वरून सुरू केलं तर मळकट पाण्याचे ओघळ खालच्या कोरड्या दगडात मुरून पट्टे उमटतात. शेवाळाचे आणि दगडफुलाचे चट्टे पंधरा मिनिटं ओले ठेवा, मग कामटीने अलगद उचला. साबण नको, त्याचा थर राहतो आणि त्यावर धूळ चिकटते. तारेचा ब्रश, काथ्या, पॉलिश पेपर तर अजिबात नकोत.

आणि ॲसिड. फरशी धुवायचं ॲसिड पाटीवर ओतून ती 'चकाचक' करणारे उत्साही कार्यकर्ते दरवर्षी कुठे ना कुठे निघतात. हेतू चांगला असतो, म्हणूनच कारण समजावून सांगावं लागतं. संगमरवर म्हणजे कॅल्शियम कार्बोनेट. ॲसिड पडलं की जो फेस येतो तो मळाचा नसतो, दगड विरघळत असतो. पाटी पांढरी होते कारण वरचा थर गेलेला असतो आणि त्या थरातच अक्षरांच्या कडा होत्या. लिंबू, चिंच, व्हिनेगर यांनीही तेच होतं, फक्त सावकाश.

पाटीचा कोपरा उडालेला असेल तर त्यामागे बहुतेक वेळा लोखंडी खिळा किंवा पट्टी असते. लोखंड गंजलं की गंज मूळ धातूपेक्षा कितीतरी जास्त जागा मागतो आणि दगड आतून फोडतो. तपकिरी ओघळ दिसला की समजा, कोपरा आज ना उद्या जाणार. बदलताना पितळी किंवा चांगल्या स्टेनलेस स्टीलचे खिळे वापरा. पाटीभोवती सिमेंट भरू नका. सिमेंट संगमरवरापेक्षा कडक असतं, ओल बाहेर सोडत नाही आणि त्यातले क्षार दगडाच्या कडेला पांढरे फुलून येतात. भिजवलेला चुना एक भाग आणि चाळलेली वाळू तीन भाग, हे जुनं प्रमाण इथे योग्य आहे. चुना लावल्यावर आठवडाभर ओलं गोणपाट लावून ठेवावं लागतं, नाहीतर तो भुगा होतो. घाई असलेला गवंडी म्हणूनच सिमेंटकडे वळतो.

सगळ्यात जास्त पाट्या जातात त्या नव्या बांधकामात. जुनी चावडी पाडायचा ठराव होतो, जेसीबी येतो आणि दुपारपर्यंत पाटी राडारोड्यात मिसळलेली असते. पाडकामाचा ठराव होत असतानाच त्यात पाटीचं एक वाक्य घालून घ्या: आधी उतरवायची, कुठे ठेवायची, कुठे बसवायची, जबाबदार कोण. ग्रामपंचायतीच्या मालमत्ता नोंदवहीत पाटीची नोंद करून घ्या, मापासहित आणि फोटोसहित. नोंद नसलेली वस्तू हरवली तर तक्रारही करता येत नाही. १९७२ चा पुराणवस्तू कायदा शंभर वर्षं जुन्या शिलालेखालाही पुराणवस्तू मानतो. या पाट्या आता त्या वयाला पोहोचल्या आहेत किंवा पोहोचत आहेत, हे सरपंचांना आणि ठेकेदाराला सांगितलं की बोलण्याला वजन येतं.

उतरवताना पाटीच्या तोंडावर छिन्नी लावायची नाही. मागच्या सांध्यात हॅक्सॉचं पातं घालून चुना कापत जायचं, खालच्या बाजूला दोघांनी आधार धरून. दोन फूट बाय दीड फूट आणि एक इंच जाडीचा संगमरवर साधारण एकोणीस किलो भरतो. एकट्याला उचलता येतो आणि म्हणूनच एकटा उचलायला जातो आणि पाडतो. नेताना पाटी कायम उभी ठेवायची, काच नेतात तशी. आडवी धरली की स्वतःच्या वजनाने मधोमध तडकू शकते. खाली लाकडी पट्ट्या, मध्ये फोम, वर सुती कापड. प्लास्टिकमध्ये घट्ट गुंडाळू नका, आत पाणी धरतं.

पाटी सुखरूप झाली की नावांकडे वळायचं, आणि सुरुवात घरातून करायची. 'पणजोबा बसऱ्याला गेले होते' यापलीकडे तोंडी माहिती सहसा नसते. पण ट्रंकेत एखादा बिल्ला असेल तर तो पुरावा आहे. चांदीचं ब्रिटिश वॉर मेडल छत्तीस मिलिमीटर व्यासाचं असतं, एका बाजूला पाचव्या जॉर्जचा छाप. त्याची कड भिंगाखाली फिरवा. तिथे नंबर, हुद्दा, नाव आणि पलटण ठोकलेली असते. चार गोष्टी, आणि चारही नावाच्या शोधात लागणाऱ्या. कडेवरची ही अक्षरं फार उथळ असतात, चिंच किंवा भांड्यांची पावडर लावून चार वेळा घासली की गेलीच. मेडल काळं पडलेलं असू द्या. त्यात पावणेतीन तोळ्यांच्या आसपास चांदी असते, आणि दुष्काळात किंवा लग्नाच्या वेळी किती मेडलं सोनाराच्या मुशीत गेली असतील याचा विचार करवत नाही. हेच मेडल काशाचं असेल तर माणूस बहुधा लढणारा शिपाई नव्हता, मजूर तुकडीत किंवा इतर कामगारांत होता. त्याचंही नाव शोधायचं आहे.

घरात तळहाताएवढी, बारा सेंटिमीटर व्यासाची जड काशाची चकती सापडली, तिच्यावर त्रिशूळ धरलेली बाई आणि सिंह असेल, तर तो माणूस युद्धात गेला होता आणि परतला नव्हता. ती मृताच्या कुटुंबाला दिलेली स्मृतिचकती. तिच्यावर उठावाच्या अक्षरांत पूर्ण नाव असतं, पण हुद्दा मुद्दाम घातलेला नाही आणि पलटणही नाही. म्हणून एकटी चकती पुरत नाही, सोबत मेडल किंवा कागद लागतो. जुन्या कागदांत 'जंगी इनाम' हे शब्द दिसले तर तो कागद आधी बाजूला काढा. तो लष्करी सेवेबद्दल मिळालेला हक्क असतो आणि त्यावर पलटणीचं नाव असण्याची शक्यता असते.

पलटणीच्या नावात एक घोळ हमखास होतो. पहिल्या महायुद्धात मराठा पलटणींना मोठे नंबर होते: १०३, १०५, ११०, ११४, ११६, ११७. १९२२ मध्ये त्या सगळ्या पाचव्या मराठा लाइट इन्फंट्रीत आल्या. १०३ ची पहिली बटालियन झाली, १०५ ची दुसरी, ११० ची तिसरी, ११६ ची चौथी, ११७ ची पाचवी, आणि ११४ ची प्रशिक्षणाची दहावी. घरात 'तिसरी मराठा' म्हणून सांगत असतील आणि माणूस १९१६ ला गेला असेल, तर कागदात ११० शोधायचं. शिवाय प्रत्येक मराठी शिपाई मराठा पलटणीतच होता असं नाही. खडकीच्या सॅपर्समध्ये, म्हणजे लष्कराच्या बांधकाम आणि सुरुंगाच्या पथकांत, बरेच होते. त्यांच्या २० आणि २१ नंबरच्या कंपन्या २८ ऑक्टोबर १९१४ रोजी फ्रान्समध्ये नव्ह शापेलच्या हल्ल्यात होत्या. महारांची भरती बंद झालेली होती ती युद्धात पुन्हा उघडली आणि १९१७ मध्ये १११ महार पलटण उभी राहिली, १९२१ मध्ये ती मोडलीही. गावकीने तोंडी सांगितलेल्या यादीतून महारवाड्यातली माणसं हटकून सुटतात. यादी करणाऱ्याने त्या वस्तीत जाऊन स्वतंत्रपणे विचारायलाच हवं. तसंच खेचरवाले, भिस्ती, स्वयंपाकी, डोलीवाले. पाटीवरच्या आकड्यात ते धरलेले असू शकतात आणि गावाच्या आठवणीत ते शिपाई म्हणून नसतात.

नाव शोधायची मुख्य जागा म्हणजे कॉमनवेल्थ वॉर ग्रेव्हज कमिशनची यादी. १९१७ मध्ये स्थापन झालेली ही संस्था दोन्ही महायुद्धांतल्या मृतांच्या नोंदी ठेवते आणि तिचं संकेतस्थळ फुकट वापरता येतं. पण आपलं आडनाव आपण लिहितो तसं टाकलं तर बहुतेक वेळा रिकाम्या हाताने परत यावं लागतं. नावं लिहिली इंग्रज कारकुनाने, कानावर पडली तशी. पवार हे पोवार असतात, चव्हाण चवान किंवा चौहान, भोसले हे भोंसले, जाधवांच्या शेवटी व्हीऐवजी ओ, शिंद्यांमधला एच गायब, सावंतांत डब्ल्यूच्या जागी व्ही. म्हणून आडनावाने सुरुवात करू नका. भारतीय सैन्य, पहिलं युद्ध, पलटणीचा नंबर, एवढंच भरा आणि येणारी यादी सुरुवातीपासून शेवटपर्यंत नजरेखालून घाला. एका मराठा पलटणीची यादी काही शेकड्यांत असते, एका रविवारी होते. मेडलच्या कडेवरचा नंबर हाताशी असेल तर पाच मिनिटांत.

नोंद उघडली की खाली जादा माहितीचा रकाना पाहा. बऱ्याच भारतीय शिपायांच्या नोंदीत अमक्याचा मुलगा, राहणार अमुक गाव, तालुका, जिल्हा असं दिलेलं असतं. गावाचं नावही कारकुनी कानाने लिहिलेलं, पण जिल्ह्यावरून आणि बापाच्या नावावरून ओळख पटते. हा रकाना भरलेला असेल तर ती नोंद सोन्याची. नसेल तर त्या नावाचा माणूस आपल्याच गावचा असं ठरवायला दुसरा पुरावा हवाच. रामा जाधव एका पलटणीत चार असू शकतात.

नोंदीत स्मारकाचं नाव येतं, आणि तिथे पुष्कळांचा गोंधळ होतो. सगळे आधी इंडिया गेट गृहीत धरतात. इंडिया गेटवर तेरा हजारांवर नावं आहेत, पण ती मुख्यतः वायव्य सरहद्दीवर आणि तिसऱ्या अफगाण युद्धात गेलेल्यांची. फ्रान्समध्ये गेलेला शिपाई नव्ह शापेलच्या स्मारकावर असतो. तिथे ४,७०० हून जास्त भारतीयांची नावं भिंतीवर कोरलेली आहेत, अगदी साध्या शिपायाचंही. इजिप्त-पॅलेस्टाइनच्या मोहिमेतल्यांची नावं सुएझजवळ पोर्ट तौफिकला होती. ते स्मारक १९६७ नंतरच्या इस्रायल-इजिप्त संघर्षात उद्ध्वस्त झालं आणि १९८० मध्ये नावं कैरोच्या हेलिओपोलिस दफनभूमीत नव्या फलकांवर घेतली गेली. खडकीच्या युद्ध दफनभूमीत मात्र आपला शिपाई शोधायला जाऊ नका. ती मुख्यतः भारतात मेलेल्या ब्रिटिश आणि इतर राष्ट्रकुल सैनिकांची आहे. सुंदर राखली आहे, जरूर पाहावी, पण मराठी गावांची उत्तरं तिथे नाहीत.

ती उत्तरं जास्त करून बसऱ्याच्या स्मारकात आहेत. सहावी पुणे डिव्हिजन १९१४ च्या अखेरीस तिथे उतरली. तिच्यात १०३, ११० आणि ११७ या तिन्ही मराठा पलटणी होत्या. एप्रिल १९१५ ला शैबाची लढाई, मग तैग्रिस नदीने वर बगदादच्या दिशेने, मग माघार आणि कूत-अल-अमाराला तुर्कांनी या डिव्हिजनला घातलेला वेढा. तो १४७ दिवस चालला आणि २९ एप्रिल १९१६ रोजी शरणागतीने संपला. त्यापुढे कैद होती आणि कैदेतले मृत्यू. बसऱ्याचं स्मारक १९२९ मध्ये उघडलं, चाळीस हजारांहून जास्त मृतांसाठी. ते शत-अल-अरबच्या काठी गोदीत उभं होतं. १९९७ मध्ये सद्दाम हुसेनच्या आदेशाने तिथून हलवून नासिरियाच्या रस्त्यावर ३२ किलोमीटर आत नेलं. फ्रान्सच्या भिंतीवर ज्याचं नाव लागतं तोच शिपाई इराकच्या भिंतीवर आकडा होतो. युरोपाबाहेर गोऱ्यांना एक नियम आणि बाकीच्यांना दुसरा, असं हे धोरण होतं. २०२१ मध्ये कमिशनने स्वतःच्या चौकशी अहवालात ते कबूल केलं आणि माफी मागितली. पंचेचाळीस ते चोपन्न हजार मृतांना असमान वागणूक मिळाली आणि किमान एक लाख सोळा हजारांची नावाने नोंदच झाली नाही, असं त्यात लिहिलं आहे. याच्या तुलनेत एक गोष्ट राहून राहून मनात येते: त्याच्या शंभर वर्षं आधी कोरेगाव भीमाच्या स्तंभावर कंपनी सरकारने आपल्या मेलेल्या शिपायांची नावं कोरली होती. शिपायाचं नाव दगडावर घालणं जमत नव्हतं असं नाही.

तेव्हा नोंदीत 'बसरा स्मारक' आणि फलक क्रमांक दिसला तर त्याचा अर्थ नाव दगडावर आहे असा घेऊ नका. नाव नोंदवहीत आहे, दगडावर त्याच्या पलटणीचा आकडा. नोंदीचं पान छापून घ्या. त्या माणसाचं नाव असलेला तोच कागद गावात पहिल्यांदा येणार असतो.

कोकणातल्या गावांसाठी आणखी एक जागा आहे. रत्नागिरी, कुलाबा (आजचा रायगड जिल्हा) आणि गोव्यातून गेलेले खलाशी, आगवाले, बटलर जहाजांबरोबर बुडाले. त्यांची नावं लष्कराच्या यादीत सापडणार नाहीत. पहिल्या युद्धातल्या खलाशांचं स्मारक मुंबईत मशीद बंदरच्या खलाशी गृहात आहे. दुसऱ्या युद्धातल्यांसाठी पुस्तकरूपी स्मारक आहे, सहा हजारांवर नावांचं. त्याची एक प्रत याच खलाशी गृहात आणि दुसरी चितगावच्या युद्ध दफनभूमीत. शोधताना पलटणीऐवजी जहाजाचं नाव लागतं. घरातल्या म्हाताऱ्या माणसांना 'कुठली कंपनी' असं न विचारता 'कुठली बोट' असं विचारा.

दुसऱ्या महायुद्धातल्या शिपायाचा शोध त्या मानाने सोपा. तोवर साध्या शिपायाचंही नाव भिंतीवर किंवा दहन-स्मारकावर घालण्याची पद्धत रुळली होती. माणगाव तालुक्यातल्या पळसगावचे यशवंत घाडगे १० जुलै १९४४ रोजी इटलीत तैबर नदीच्या खोऱ्यात पडले, त्यांना मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला, आणि त्यांचं नाव कासिनोच्या स्मारकावर आहे. त्याच भिंतीवर त्यांच्या सोबतच्या, कुठलंही पदक न मिळालेल्या शिपायांचीही नावं आहेत.

नावं जमली की ती पाटीवरच्या आकड्याशी जुळवा. ती लगेच जुळणार नाहीत, आणि त्याने खचून जाऊ नका. पाटी १९१९ ला थांबते, कमिशन ३१ ऑगस्ट १९२१ पर्यंतचे मृत्यू धरतं, म्हणून तुमची यादी पाटीपेक्षा मोठी होऊ शकते. उलट माणूस मामाच्या गावाहून भरती झाला असेल, वाडी आता वेगळी ग्रामपंचायत झाली असेल, तर यादी लहान पडते. शेजारच्या दोन-तीन गावांच्या याद्या एकत्र मांडल्या की यांतले बरेच हिशेब सुटतात. वहीत प्रत्येक नावापुढे पुरावा लिहा: मेडल, चकती, कमिशनची नोंद, का नुसतं तोंडी. दोन स्वतंत्र पुरावे असतील ते नाव पक्कं. तोंडी नाव वहीत राहू द्या, दगडावर घाई करू नका. एखाद्या माणसाचे कागद हाती आहेत आणि कमिशनच्या यादीत तो नाहीच, असं झालं तर त्यांच्याकडे तसा अर्ज करता येतो. नाव, पलटण, मृत्यूची तारीख आणि मृत्यू सेवेमुळे झाल्याचा कागद, एवढं लागतं.

नावं दगडावर घालायची तर जुन्या पाटीवर एक रेघही नको. तिच्या शेजारी वेगळा दगड लावा, काळा ग्रॅनाइट चालेल, देवनागरीत, अक्षराची उंची किमान वीस मिलिमीटर आणि खोली तीन मिलिमीटर. नुसतं रंगवलेलं अक्षर उन्हात तीन-चार वर्षांत उडतं. ओळीत नाव, बापाचं नाव, पलटण, तारीख आणि ज्या स्मारकात त्याची नोंद आहे ते ठिकाण. नावं हुद्द्याप्रमाणे न लावता तारखेप्रमाणे लावा. कोरायला देण्याआधी नमुना कागदावर काढून आठवडाभर चावडीत चिकटवा, म्हणजे घरच्या लोकांना चूक दाखवता येईल. आणि खालच्या बाजूला चार ओळींची जागा कोरी ठेवायला कारागिराला आधीच सांगा. पुढे एखादं नाव सापडलं तर ते तिथेच, दगड न उतरवता कोरता येतं.